एक फटका जास्त

प्रोला जगातलं कुठलंही अंतर यार्डातच कळायचं. हिल्सबरो उपनगरात आमच्या शेजारी राहायला आला त्याच आठवड्यात त्याने मला ऐकवलं, "तुझ्या फाटकापासून डेअरी दोनशे बारा यार्ड. वारा समोरून असला तर दोनशे वीस धर." मी आपला दूध आणायला निघालो होतो.

प्रो इंग्लंडचा, व्यावसायिक गोल्फर. पंधराव्या वर्षी वडिलांनी शाळेतून काढून गोल्फला जुंपलं, ते कायमचं. तरुणपणी मोठं काही जिंकला नाही. पन्नाशी उलटली तेव्हा आता सुटलो असं त्याला वाटलं, तर पुढे पन्नाशीपुढच्यांच्या स्पर्धांचं सीनियर सर्किट उभंच. "पन्नाशीला गोल्फरला नवा जन्म मिळतो, मेट," तो म्हणायचा, "पण पुन्हा गोल्फरचाच." चौऱ्यांशीचा फेरा त्याला मी वेगळा काय समजावणार?

"यंदा शेवटचं," हे त्याचं दरवर्षीचं. त्याची बायको मॅगी मात्र याच देशातली. ती कुंपणापलीकडून म्हणायची, "असे शेवटचे हीप्स झालेत, ढीगभर." त्रेसष्टाव्या वर्षी प्रो शर्टाखाली कमरेला पट्टा आवळून खेळायचा आणि सकाळी मोजे मॅगीने चढवावे लागायचे. एकदा न राहवून मी विचारलं, "अरे, आवडतं म्हणूनच खेळतोस ना?"

"मला दुसरं येतं काय?" तो म्हणाला. "आणि सोडलं तर सगळे विचारणार, का सोडलं. काय सांगू?"

मला त्याची कीव आली, रागही आला. सोमवारी ऑफिसची बस पकडताना हाच प्रश्न मी स्वतःला टाळत असे, म्हणून असेल.

माझा खेळ पाहून त्याने मला बॅग उचलायच्या कामावर नेमलं होतं. त्यामुळे पुढच्या हंगामाच्या पात्रता फेरीला मी सोबत होतो. गोल्फमध्ये आपले फटके आपण लिहायचे नसतात. सोबतचा खेळाडू लिहितो, आपण तपासून सही करायची. सहीनंतर लिहिलेला आकडा खऱ्यापेक्षा जास्त निघाला, तरी लिहिलेलाच धरतात. प्रो तर कार्ड तीन-तीनदा तपासणारा.

शेवटचा होल चार फटक्यांत झाला तरच जागा मिळणार होती. प्रोने चारच घेतले. मला तर नाचावंसं वाटलं. सोबतच्या गप्पिष्ट गृहस्थांनी बोलण्याच्या नादात पाच लिहिले. मी मागून कुजबुजलो, "प्रो, चार झाले." त्याचं बोट एकेका चौकटीवरून सरकत त्या पाचावर येऊन थांबलं. बराच वेळ तिथेच होतं.

"पाच," तो म्हणाला आणि त्याने सही केली. एका फटक्याने जागा हुकली.

खेळ पाहायला आलेली मॅगी तिच्या गाडीने पुढे गेली होती. घरी परतताना मनुरेवा मागे पडलं तसा प्रोने कमरेचा पट्टा सोडून मागच्या सीटवर टाकला. "हुकलेल्याला लोक चहा पाजतात, मेट. सोडणाऱ्याला जाब विचारतात. कुणाला बोलू नकोस." मी बोललो नाही. पण ते गुपित घेऊन मॅगीशी कुंपणापाशी हवापाण्याच्या गप्पा मारणं फार जड जायचं.

त्याच हिवाळ्यात ती दोघं दक्षिणेला, मॅगीच्या गावी राहायला निघाली. प्रो गाडीत बसला होता. मॅगीने मला निरोपाची मिठी मारली आणि कानाशी हळूच विचारलं, "चारच होते ना?"

मी गाडीतल्या प्रोकडे पाहिलं.

"मी प्रेक्षकांच्या दोरीपाशी उभी राहून मोजत होते," ती म्हणाली. "त्याला कळू देऊ नकोस. मला माहीत आहे असं समजलं, तर लाजेने परत खेळायला लागेल."