झुंझारजींचं पान

उडदाची डाळ अर्धी मिक्सरमधून निघाली होती, अर्धी पातेल्यात तशीच भिजत होती. प्रभावतीकाकूंचा हात मध्येच थांबला.

"अहो, पुढच्या वर्षी त्यांना कोण घालणार हो जेवायला?"

"कुणाला?" जनार्दनकाकांनी पेपरातून मान वर केली नाही.

"माझ्या शिपायांना."

काका रेल्वेतून निवृत्त झाले होते. दिवाळी झाली की जयपुरातलं खातीपुऱ्याचं घर सोडून दोघं कायमची मनमाडला निघणार होती. कूलर कुणाला, तुळशीची कुंडी कुणाला, सगळं ठरलं होतं. शिपायांचं तेवढं राहिलं होतं, आणि त्यावाचून काकूंचा पाय निघेना.

हे शिपाई म्हणजे तुंग्याच्या बाजूला, एका गावाबाहेर, दगडी कुंपणाआड निजलेले. त्या माळावर फार वर्षांपूर्वी शिंद्यांची फौज जयपूर-जोधपूरच्या फौजेला भिडली होती. गावात सांगतात, धूळ बसली तेव्हा गावकऱ्यांनीच पडलेल्यांना गोळा केलं. कुणाला अग्नी दिला, कुणाला माती दिली, आणि मागाहून त्या जागांवर दगडी ओटे बांधले. एका कोपऱ्यात दोन कबरीही आहेत. एकदा लग्नाला जाताना काकांची गाडी नेमकी तिथंच बंद पडली. पाणी द्यायला आलेला एक म्हातारा सहज म्हणाला, "यात दखणी सिपाहीपण आहेत." झालं! काकूंनी तेच मनावर घेतलं. घरदार इतकं लांब, यांचं पान कोण ठेवणार?

तेव्हापासून भाद्रपदातल्या वद्य चौदशीला, शस्त्राने गेलेल्यांच्या तिथीला, काकू सोवळ्यात स्वयंपाक करून तिथं जायच्या. घोडेस्वार कोरलेला सगळ्यात मोठा ओटा मराठ्यांचा, हे त्यांनी स्वतःच ठरवून टाकलं होतं.

"घोडा बघा की. भीमथडीचाच आहे."

"मनमाडच्या बाईला रेल्वेचं इंजिन ओळखता येईल," काका म्हणायचे. "घोडा कधीपासून?"

पानाला कावळा काही शिवायचा नाही. मोर यायचा. "इथला कावळा आहे," काका म्हणायचे, "जरा सजून येतो."

तर यंदाही डाळ वाटून झाली, वडे तळून झाले आणि दोघं तिथं पोचली. काकूंनी ओट्यावर पान मांडलं, भोवती पाणी फिरवलं, हात जोडले आणि मोठ्यानं म्हणाल्या, "बाबांनो, आम्ही आता गावाकडं निघालो. माझ्याच्यानं झालं तेवढं केलं. पुढं देव तुमची सोय करील."

मागून हसू ऐकू आलं. शेजारच्या शेतातली मोहनकँवर डोक्यावरची ओढणी सावरत उभी होती. दरवर्षी ती लांबून बघायची. आज जवळ आली होती.

"बाईसा, आमच्या झुंझारजींना मराठी कुठून समजणार?"

"तुमच्या?"

"आमच्या घरातलेच ते. तुमच्या फौजेशी लढताना पडले. लढता लढता गेलेल्याला आम्ही झुंझारजी म्हणतो, पुजतो. तुमचे ते तिकडे, खेजडीखाली."

काकू मटकन खालीच बसल्या. काकांना मात्र हसू आवरेना. "वा! मतलब इतकी वर्षं तू शत्रूच्या गोटात रसद पोचवत होतीस!"

"थट्टा सुचते तुम्हाला!" काकूंचे डोळे भरून आले. "अहो, आपली माणसं चार हातांवर उपाशी बसून बघत होती!"

"उपाशी कशी असतील?" मोहनकँवरनं त्यांचा हात धरून उठवलं आणि थेट खेजडीच्या झाडाखाली नेलं. तिथं तीन बुटके ओटे होते. कोनाड्यात दिव्याची काजळी धरली होती. दगडावर चुरम्याचे कण सांडले होते आणि मुंग्यांची झुंबड उडाली होती.

"दर अमावसेला आमच्या घरून चुरमा येतो. सासूनं घालून दिलेली रीत आहे. आधी यांना, मग झुंझारजींना. पावण्यांच्या आधी घरचा माणूस जेवतो का कधी?"

"पावणे कसले? भांडायला आले होते," काका म्हणाले.

"भांडायला का होईना, आले ना इतक्या लांबून?"

काकू हसता हसता रडल्या आणि रडता रडता हसल्या. त्यांनी मोहनकँवरच्या गालांवरून हात फिरवून कानाशी बोटं मोडली. देवानं सोय केव्हाच करून ठेवली होती आणि आपण उगाच जिवाला घोर लावून बसलो होतो! त्यांनी डब्यातलं उरलेलं अन्न खेजडीखाली वाढलं. "घ्या बाबांनो. आज घरचं."

पण मोहनकँवरचा चेहरा आता गंभीर झाला होता. "तुम्ही निघालात. मग आमच्या झुंझारजींचं काय? आसोज लागला की ते तुमच्या वड्यांची वाट बघणार." आपला भाद्रपदातला वद्य पंधरवडा लागला की तिकडं आसोज लागतो. "आणि त्या काळ्या आंबट चटणीची."

"चटणीचं तुला गं काय ठाऊक?"

ओढणीचा पदर तोंडाशी गेला. "एकदा मोराच्या आधी मीच आले होते."

"अगं बाई! म्हणजे मोरापेक्षा तूच बरी," काकू खळखळून हसल्या. "आमसुलाची असते ती. येत्या गुरुवारी येते. तुझ्या चुलीवर सगळं करून दाखवते. मग दरवर्षी तू करायचंस, दोन्हीकडं."

"दोन्हीकडं," मोहनकँवर म्हणाली. "आधी पावण्यांना."

परतीच्या वाटेवर काकूंनी अख्खा हरिपाठ म्हटला, तोही चालीवर. काकाही टाळ्यांचा ठेका धरणार होते, पण हातात स्टिअरिंग होतं.

"एकदाचा तह झाला म्हणायचा," ते म्हणाले.

"झाला. आता सोडाल्याच्या बाजारात गाडी थांबवा. आमसुलं घ्यायचीत."