ब्रेक व्यवस्थित होते

ती घटना आठवली नाही असा आठवडा जात नाही. गेल्या महिन्यात त्या प्रकरणातले गृहस्थ वारले आणि तेव्हापासून तर ती रोजच समोर येऊन बसते. नोकरीत मी खून पाहिले, दरोडे पाहिले. निवृत्तीनंतर लोक त्यांच्याबद्दल विचारतात. या प्रकरणाबद्दल कोणी विचारत नाही, कारण वर्तमानपत्राने ते चार ओळींत आटोपले होते. नावे मी लिहिणार नाही.

सुरत शहरात मी मराठी अधिकारी. खानदेशातला कोणी ठाण्यात आला की अंमलदार त्याला माझ्या खोलीकडे पाठवी आणि दारातून सांगे, "तमारो माणस छे, साहेब." जबाब अहिराणीत ऐकायचा, मनात मराठीत लावायचा आणि कागदावर गुजरातीत उतरवायचा. एवढ्या वाटचालीत माणसाचे रडणे कुठेतरी गळून पडते आणि जबाब स्वच्छ निघतो.

त्या रविवारी सकाळी अकराच्या सुमारास कोसाडच्या एका वसाहतीतून वर्दी आली. दारापुढची मोटार पुढे सरकली होती आणि समोर उभी असलेली बाई गाडी आणि भिंत यांच्यात सापडली होती. आम्ही पोहोचलो तोवर तिला रुग्णालयात नेले होते. तिथे पोहोचण्यापूर्वीच ती गेली होती.

पंचनाम्यात मी जे लिहिले ते असे: जुनी पांढरी मोटार, बॉनेटवर हळदकुंकवाची बोटे आणि झेंडूचा हार. जमिनीवर चिरडलेली लिंबे, फुटलेला नारळ, उपडे पडलेले आरतीचे ताट. गाडीच्या बाजूला जॅक, नट खोलायचे पाने, एक शिकंजा आणि झिजून पत्र्यासारखे झालेले ब्रेक पॅडचे दोन जोड. मृत बाईचे पती पायरीवर बसले होते. पांडेसऱ्याच्या एका डाइंग मिलमध्ये ते फिटर होते. त्यांच्या दोन्ही हातांवर कोपरापर्यंत साबणाचा फेस वाळून पांढरा झाला होता. मी तो पाहिला, आणि का कोण जाणे, लिहिलाही. अर्थ मात्र लावला नाही.

"गाडी कोण चालवत होतं?" मी विचारले.

"मी. पाय चुकला. लिहा साहेब."

त्यांची एकुलती एक मुलगी आतल्या खोलीत शेजारणींच्या गराड्यात होती. नर्सिंगच्या शेवटच्या वर्षाला होती. तिच्याकडे पाहून मी परत फिरलो. त्या क्षणी तिला काही विचारणे मला माणुसकीला धरून वाटले नाही. निष्काळजीपणाने मृत्यू, असा गुन्हा नोंदवला. प्रकरण साधे होते.

दुसऱ्या दिवशी मृत बाईचा भाऊ आला. चलथाणच्या साखर कारखान्यात कामाला असलेला, भरदार अंगाचा माणूस. खुर्ची दिली तरी बसला नाही.

"साहेब, मनी बहीनले त्यानी मारी टाकं," तो म्हणाला. "मिलमा पन्नास मशिनी खोलस, जोडस, आन घरनी गाडीना ब्रेक त्याले जमनात नहीं? आसं व्हई का?"

"भांडण होतं का दोघांत?"

"आदला दिन भांडेल व्हतात. गॅरेजमा लई जा, आसं ती सांगे. दाजी काय सांगस, गॅरेजवाला माले शिकाडी का? गल्लीना लोकेसले विचारा."

गल्लीतल्या लोकांना विचारले. भांडण झाले होते. ब्रेक दाबला की गाडी आठ-दहा दिवस करकरत होती, पॅड झिजले होते. बायको म्हणत होती गॅरेजला टाका, नवरा म्हणत होता घरीच करतो. एका शेजाऱ्याने तर नक्कलही करून दाखवली, "बाई म्हणायची, तुम्ही फिटर मिलचे, घरचे नाही! पंखा अजून तसाच लटकतोय." सगळे हसले, आणि आपण कोणाबद्दल हसतो आहोत हे आठवून गप्प झाले.

मग आरटीओच्या मोटार वाहन निरीक्षकांचा अहवाल आला: पॅड नवीन, जोडणी योग्य, तेलाची गळती नाही, ब्रेक व्यवस्थित. म्हणजे ब्रेक चालत होते आणि तरीही गाडी थांबली नव्हती. आमच्या हवालदाराने अहवाल माझ्या टेबलावर ठेवला आणि म्हणाला, "साहेब, आ तो मर्डर थई गयो."

मी फिटरना बोलावले. दोन दिवस, सकाळ-दुपार, समोर बसवले. हात उगारला नाही, पण जिभेला आवर घातला नाही, हे कबूल करतो.

"ब्रेक चांगले होते. मग दाबला का नाही?"

"पाय चुकला."

"पंचवीस वर्षं मशिनी हाताळणाऱ्याचा?"

"चुकतो साहेब. माणूसच आहे."

"बायको नकोशी झाली होती का?"

त्यांनी प्रथमच मान वर केली. "साहेब, चोवीस वर्षं माझा डबा तिने भरला. मिलमध्ये तो दुसऱ्या कोणी उघडला तर मला राग यायचा. आता तुम्हाला काय लिहायचं ते लिहा."

खोटे बोलणारा माणूस सहसा जास्त बोलतो. हा माणूस एकाच वाक्याला धरून बसला होता, जणू ते सोडले तर खाली पडेल. मला त्यात अपराध दिसला. तो होताही, पण मी समजत होतो तो नव्हे.

चौकशीच्या तिसऱ्या दिवशी दुपारी ठाण्याच्या आवारात आमचे सरकारी गाडीचे चालक गाडीचे पुढचे चाक काढून बसले होते. निवृत्तीला आलेले, तोंडात कायम मावा. तेही ब्रेक पॅडच बदलत होते. मी उभा राहून पाहू लागलो. जुने पॅड काढून त्यांनी शिकंज्याने आतला दट्ट्या मागे ढकलला, कारण नवे पॅड जाड असतात आणि त्यांना जागा लागते. पॅड बसवले, चाक चढवले, आणि माझ्याकडे पाहून म्हणाले, "साहेब, अंदर बेसो ने. ब्रेक दबावो."

मी बसलो. ब्रेक दाबला. पाय सरळ खाली, तळाला टेकला. काहीच नव्हते. पायरी नाही अशा जागी पाय पडावा, तसा तो गेला.

"फरी दबावो."

दुसऱ्यांदा थोडा अडला. तिसऱ्यांदा, चौथ्यांदा पॅडल दगडासारखे घट्ट झाले.

"हवे ब्रेक आव्या," ते हसले. "दट्ट्या पाछो गयो होय, पंप करीने आगळ लाववो पडे. आटली खबर नथी ए फिटर नई साहेब, जमाई छे."

मी गाडीतच बसून राहिलो. नवे पॅड घातल्यावर, मागे ढकललेला दट्ट्या पॅडल मारून पुढे आणेपर्यंत, ब्रेक लागत नाही. घाबरून चार वेळा दाबला की लागतो, आणि मग कोणीही तपासले तरी ब्रेक व्यवस्थितच दिसतात. फिटरना हे ठाऊक असणारच. ते स्वतः बसले असते तर आधी पॅडल मारून घेतले असते. म्हणजे ते बसलेच नव्हते. ते नळावर हात धूत होते. आणि ज्याच्यासाठी ते खोटे बोलतील असे घरात एकच माणूस उरले होते. साबणाचा फेस त्यांच्या हातांवर वाळला होता आणि मी तो स्वतःच्या अक्षरात लिहून ठेवला होता.

त्या वेळी मला आनंद झाला. हे लिहिताना लाज वाटते, पण झाला. कोडे सुटल्याचा आनंद होता तो.

फिटरना पुन्हा बोलावले. मी फक्त एवढेच म्हणालो, "मुलगी चालवत होती. आणि तुम्ही पॅडल मारलं नव्हतं."

त्यांनी टेबलाची कड दोन्ही हातांनी धरली. मग सगळे सांगितले.

त्यांच्या घरी रीत होती. गाडीचे कोणतेही मोठे काम झाले की चाकाखाली लिंबू ठेवायचे, नारळ फोडायचा, आणि नारळ फुटेपर्यंत गाडीत कोणी पाय ठेवायचा नाही. काम संपले तेव्हा बायको ताट घेऊन उभीच होती. तेलकट कपड्यांनी आत बसू नका, म्हणाली. पॅडल पूजेनंतर मारू, असे ठरवून ते हात धुवायला गेले. आदल्या दिवसाचे भांडण मिटले होते, बायको खुशीत होती. मुलीला परवाना मिळून चार महिने झाले होते. आई म्हणाली, लेक म्हणजे घरची लक्ष्मी, तिच्याच हाताने गाडी पुढे घेऊ. नारळ फुटला, मुलगी बसली. आईने समोर उभे राहून ओवाळले.

"मी नळावरून पाहिलं, साहेब. चावी फिरली. 'थांब' म्हणायला तोंड उघडलं मी. पण पूजा चालली होती. पूजेत 'थांब' कसं म्हणायचं? बायको म्हणाली असती, कसले अपशकुनी बोलता. वाटलं, हातभर तर जायचंय, लिंबापुरतं. लिंबू फुटलं, आणि गाडी जातच राहिली."

"मुलीला काय सांगितलंत?"

"सांगितलं, गाडी जुनी, ब्रेक आपोआप गेले. कोणाची चूक नाही. मग तुमचा तो कागद आला. ब्रेक चांगले होते म्हणून. तेव्हापासून ती म्हणते, पप्पा, माझाच पाय चुकला. जेवत नाही. मला रोज सांगायचं असतं, तिच्यासमोर बसतो आणि माझ्याने होत नाही." त्यांनी हात जोडले. "साहेब, आजचा दिवस द्या. मी तिला सांगतो. माझ्या तोंडून कळू द्या. उद्या सकाळी तुम्ही या, काय लिहायचं ते लिहा."

मी नाही म्हणालो.

कारण होते. महत्त्वाच्या साक्षीदाराचा जबाब आरोपीशी बोलणे होण्याआधी घ्यायचा असतो, नाहीतर बचावाचा वकील न्यायालयात म्हणतो, जबाब पढवलेला आहे. शिवाय हा माणूस त्या रविवारपासून आमच्याशी खोटे बोलत आला होता. नियम माझ्या बाजूने होता. मी त्यांना ठाण्यात बसवून ठेवले आणि महिला कॉन्स्टेबलला घेऊन कोसाडला गेलो.

मुलगी चटईवर बसली होती. मी विचारण्याआधीच बोलू लागली.

"साहेब, पप्पा खोटं सांगतायत. मी चालवत होते. मी ब्रेकच दाबला, मला आठवतंय. पण ब्रेक चांगले होते म्हणतात, म्हणजे मी ॲक्सिलेटर दाबला असेल ना? मम्मी माझ्याकडेच बघत होती. काचेतून."

"तुझा पाय बरोबर होता," मी म्हणालो. आणि पॅडलचे सगळे समजावून सांगितले. मला वाटले, मी तिच्या छातीवरचा दगड उचलतो आहे. खरोखर एक क्षणभर तिचा चेहरा मोकळा झाला. तिने स्वतःच्या उजव्या पायाकडे पाहिले.

मग म्हणाली, "पॅडल मारायचं असतं, हे पप्पांना माहीत होतं?"

"हो."

"पहिल्या दिवसापासून?"

कॉन्स्टेबलने माझ्याकडे पाहिले आणि नजर खाली वळवली.

"मी इतके दिवस त्यांच्यासमोर रडत होते," मुलगी म्हणाली. "आणि ते बघत होते."

त्याच संध्याकाळी तिचा मामा येऊन तिला चलथाणला घेऊन गेला. खुनाचा संशय मिटला होता, आणि त्या जागी ठेवायला त्याच्याकडे काही नव्हते. वरिष्ठांशी आणि सरकारी वकिलांशी बोलून आम्ही मुलीला आरोपी न करता साक्षीदार केले. मला ते मोठे सौजन्य वाटले होते. त्याचा अर्थ एवढाच झाला की बापाविरुद्ध पिंजऱ्यात उभे राहून तिला बोलावे लागणार होते. ती वेळ मात्र आली नाही. फिटरनी गुन्हा कबूल केला. वकीलही घेतला नाही. न्यायाधीशांनी शिक्षा सौम्य दिली, आणि ते तिथे उभे राहून, शिक्षा कमी झाली अशा नजरेने पाहत राहिले.

त्यानंतर ते त्याच घरात एकटे राहिले. निवृत्तीनंतर मी दोन-तीनदा त्यांच्याकडे गेलो. का गेलो, ते सांगता येणार नाही. ते चहा करत, आम्ही मिलबद्दल, पाऊसपाण्याबद्दल बोलत. मुलीचा विषय ते काढत नसत. एकदाच, मी चपला घालत असताना, म्हणाले, "नोकरी लागली म्हणे तिला. मोठ्या दवाखान्यात." आणि माझ्याकडून दुजोरा मिळेल म्हणून थांबले. मला काहीच माहीत नव्हते.

गेल्या महिन्यात ते झोपेतच गेले. शेजाऱ्यांनी मला कळवले आणि मी मामाकडून मुलीचा क्रमांक मिळवून तिला फोन केला. ती आता दुसऱ्या शहरात परिचारिका आहे.

"शेवटचं सगळं कोणी केलं?" तिने विचारले.

"गल्लीतल्या लोकांनी. मी होतो."

"बरं." पाठीमागे कोणा रुग्णाची घंटा वाजत होती. मग म्हणाली, "साहेब, एक विचारू? ते मला कधी सांगणार होते का? स्वतःहून?"

इतकी वर्षे ही गोष्ट मी तिला सांगितली नव्हती. कोणी विचारले नव्हते, आणि मी आपण होऊन सांगण्याइतका धीट नव्हतो.

"हो," मी म्हणालो. "त्यांनी माझ्याकडे एक दिवस मागितला होता. त्याच दिवशी. मी तुझ्याकडे येण्याआधी."

"मग दिला का नाही?"

मी नियम सांगितला. साक्षीदार, आरोपी, पढवलेला जबाब. ती शेवटपर्यंत शांतपणे ऐकून घेत होती, आणि माझे बोलणे संपल्यावर तिने फोन ठेवला.

या प्रकरणाने मला काय शिकवले, असे कोणी विचारले तर उत्तर द्यायला मला वेळ लागतो. तो नियम चुकीचा नाही. आजही एखाद्या तरुण अधिकाऱ्याला मी तोच सांगेन. पण त्या प्रकरणात जबाब पढवण्यासारखे काही उरले नव्हते, बापाने सगळे माझ्यासमोर ओतले होते, आणि हे मला तेव्हाही कळत होते. मला फक्त माझा शोध शिळा होऊ द्यायचा नव्हता. खरे काय ते मी एका दिवसाने लवकर शोधले, आणि ज्याचे ते होते त्याच्या तोंडून काढून घेतले. त्या बापाला ते तिला सांगता आले असते की नाही, मला ठाऊक नाही. कदाचित त्या रात्रीही तो तिच्यासमोर बसून गप्पच राहिला असता. आता हे कोणालाच कधी कळणार नाही, तिलाही नाही, आणि त्या न कळण्याला जबाबदार माणूस मी आहे.