राजीनाम्याच्या वेळी शेजारी बसलेला माणूस

व्हाइटफील्डच्या आयटी कंपनीच्या ऑफिसात मी टीम लीड होतो आणि युनियन म्हटलं की मला हसू यायचं. युनियन म्हणजे गिरणीवाले, बसवाले. आपण प्रोफेशनल! एवढा माज कुठून आला होता कोण जाणे.

टीममध्ये निपाणीकडचे एक गृहस्थ होते. वयानं मोठे, म्हणून सगळे त्यांना अण्णा म्हणायचे. मी नवखा असताना मला काम त्यांनीच शिकवलं होतं. माणसं कमी करायची ठरली तेव्हा यादीत त्यांचं नाव आलं. आमच्याकडे कुणाला सरळ काढत नाहीत. एचआर छोट्या खोलीत बोलावते, लॅपटॉप पुढे सरकवते आणि माणसाकडूनच राजीनामा भरून घेते. शेजारी टीम लीडला बसवतात. ओळखीचा चेहरा असला की माणूस फार ताणत नाही.

अण्णांनी तासभर लॅपटॉपला हात लावला नाही. एचआरची बाई हिंदीत तेच तेच सांगत होती. शेवटी ते माझ्याकडे वळून मराठीत म्हणाले, "तूच सांग बाबा. काय करू?"

बाईला मराठी येत नव्हतं. भरू नका, एवढे दोनच शब्द बोलायचे होते.

"भरून टाका, अण्णा," मी म्हणालो. "रिलीव्हिंग लेटर तरी चांगलं मिळेल. भांडलात तर नाव खराब होईल."

"सरी," अण्णा कानडीत 'बरं' म्हणाले आणि कारणाच्या रकान्यात त्यांनी 'वैयक्तिक' निवडलं.

त्या वयात दुसरी नोकरी कोण देणार? ते लेबर ऑफिसात गेले. तिथल्या साहेबांनी विचारलं, राजीनामा तुम्हीच दिलाय ना? जबरदस्ती झाली म्हणता, तर साक्षीदार कोण? साक्षीदार मी. त्यांचा फोन आला तेव्हा मी म्हणालो, "मला यात ओढू नका, अण्णा. मी अजून नोकरीत आहे." त्यांनी परत फोन केला नाही.

पुढच्या वर्षी त्याच खोलीत मी होतो आणि माझ्या शेजारी माझा मॅनेजर. मी तासभरसुद्धा टिकलो नाही. दहा मिनिटांत फॉर्म भरून बाहेर आलो.

मल्लेश्वरमला रविवारी आयटीवाल्यांच्या युनियनची बैठक असते, असं कळलं. गेलो. तत्त्वबित्त्व काही नव्हतं, एकटा पडलो होतो आणि घाबरलो होतो. तिथे नव्या लोकांना अण्णा समजावत होते, "राजीनामा आपल्या हातानं भरायचा न्हाई. शेजारी आपलाच माणूस बसवत्यात. त्याचं तर आजिबात ऐकू नका."

मग त्यांना मी दिसलो. त्यांनी माझं नाव घेतलं नाही. मीच जवळ जाऊन म्हणालो, "अण्णा, आता साक्ष देतो."

"आता तुलाच काढलंय," ते शांतपणे म्हणाले. "रागानं बोलतोय म्हणतील. तू नोकरीत होतास तवा पाहिजे होती रे ती."

मला फार लाज वाटली. त्यांनी सरकून बाकावर जागा केली, सभासदत्वाचा फॉर्म आणि पेन माझ्या हातात दिलं. मी त्यांच्या शेजारी बसलो. त्या दिवशीही शेजारीच बसलो होतो.