लाल फाटकाचा आवाज

कुलूपवाल्या काकांकडे किल्ली करायला जावं, तर किल्लीआधी काकूंचा सिनेमा गळ्यात पडायचा. "आमच्या हिने लाल रंगावर फिल्म केलीय. गोष्ट नाही, माणूस नाही, नुसता लाल! आणि आवाज माझे." एवढं सांगेपर्यंत कानस हातातच राहायची.

काकू शिवणकाम करायच्या. चिंध्यांच्या ढिगाकडे बघता बघता त्यांना हे वेड लागलं: मोबाइलवर छोट्या फिल्म, एका फिल्मला एकच रंग. टोमॅटो, छत्री, बागेचं लाल फाटक. प्रत्येक वस्तूला तिचाच आवाज, उसना चालणार नाही, हा त्यांचा कडक नियम. कुलपाच्या आतली खुटखुट ओळखणारे तिखट कान घरातच असल्यावर रेकॉर्डर आपसूक काकांच्या हाती आला. काकूंनी चित्रं घ्यायची आणि काकांनी मागाहून एकट्याने जाऊन आवाज टिपायचे, अशी वाटणी ठरली.

काका खुलले, पण एक गोष्ट त्यांनी पोटात ठेवली होती. त्यांना लाल आणि हिरवा सारखेच दिसत. तरुणपणी ड्रायव्हरच्या परीक्षेतून त्यापायी घरी पाठवलं, तेव्हापासून हे त्यांनी बायकोलाही कळू दिलं नव्हतं. इकडेतिकडे विचारून, अंदाजाने निभावून नेलं होतं. आता या वयात तिला कुठल्या तोंडाने सांगायचं?

वाचनालयाच्या सभागृहात फिल्म लागली. शेवटी पडदाभर लाल फाटक उघडलं, आणि असं करकरलं की सगळ्यांच्या अंगावर काटा आला. टाळ्या पडल्या. काकांची छाती फुगली.

तेवढ्यात बागेचा रखवालदार उठला. "काकू, फिल्म झकास! पण लाल फाटक मुकं आहे हो. करकरतं ते पलीकडचं हिरवं."

हशा पिकला. काकू गोऱ्यामोऱ्या झाल्या. "माझंच चुकलं असेल घाईत," त्या माइकवर पुटपुटल्या.

हे मात्र काकांना सोसवेना. हिने डोळ्यांत तेल घालून काम करायचं आणि खापरही हिच्याच माथी? ते उठले. 

"चूक माझी. मला लाल-हिरवं वेगळं दिसत नाही. कधीच दिसलं नाही. हिलासुद्धा सांगितलं नव्हतं."

 काकू नवऱ्याकडे बघत राहिल्या. मग त्यांनी माइक पुन्हा तोंडाशी धरला. मान ताठ होती.

"ऐकलंत ना? ज्यांना लाल दिसत नाही, त्यांनी हे सगळे आवाज गोळा केलेत. आमच्या ह्यांनी." आणि काकांकडे वळून म्हणाल्या, "अहो, बसा आता. पुढची फिल्म हिरव्यावर करू. फाटक तर झालंच आहे."