मंजुळाबाईंची काळी तीन

आधीच सांगतो, असल्या गोष्टींवर माझा काडीचा विश्वास नव्हता. मी सिनेमासाठी आवाज रेकॉर्ड करतो. पंख्याची घरघर, कबुतराची फडफड, लांबची मोटार... कुठला आवाज कुठून आला ते शोधणं हीच माझी नोकरी. वीस वर्षांत न सापडलेला आवाज एकही नव्हता.

मी मूळचा दौंडचा. गेल्या हिवाळ्यात मंजुळाबाईंच्या आयुष्यावरच्या सिनेमाचं काम मिळालं. संगीत नाटकांतल्या मोठ्या गायिका. त्यांचं नाव घेताना माझे वडील कानाच्या पाळीला हात लावायचे. नाटक कंपनीचा तंबू दौंडात पडला की शिरूरकडून बैलगाड्या भरभरून यायच्या म्हणे, एकेका पदाला तीन-तीन वन्समोअर! आणि ऐन भरात बाईंनी गाणं सोडलं. खरं कारण काय, ते कुणालाच कळलं नाही. आमच्या स्क्रिप्टमध्येही ती जागा कोरीच होती.

त्यांना ऑर्गनवर साथ करणारे दस्तगीरचाचा आमच्याच गल्लीतले. आता पंच्याऐंशीचे. मीच दिग्दर्शकाला त्यांच्याकडे नेलं. ऑर्गन चादरीखाली झाकलेला होता.

"पेटी न्या," चाचा म्हणाले. "मी बी यीन, बसंन पेटीपाशी. पन वाजवा म्हनू नका. बाईंचं गानं सुटलं तवाच माझं बी सुटलं."

शूटिंग मांडवगण फराट्याला होतं. शाळेच्या मैदानात कनात लावली होती, प्रेक्षक म्हणून गावातलीच माणसं. त्यातले एक आबा मला म्हणाले, "बाईंचं गानं म्या बापाच्या खांद्यावर बसून ऐकलंय. आजून कानात हाय."

दुपारचे चार वाजले होते. सीन बाईंच्या शेवटच्या प्रयोगाचा. त्यांची भूमिका करणाऱ्या मेघनाला गाण्यातलं ओ की ठो कळत नाही. गाणं पुण्यात आधीच रेकॉर्ड झालेलं, तिनं फक्त ओठ हलवायचे. चाचा ऑर्गनपुढे बसले होते, हात मांडीवर.

ॲक्शन झालं. गाणं सुरू होणार, तेवढ्यात मेघना ऑर्गनकडे वळली, किंचित वाकली आणि हळूच म्हणाली –

"दस्तगीर, आज काळी तीन दे रे."

पंच्याऐंशीच्या माणसाला 'दे रे'! स्क्रिप्टमध्ये असं काही नव्हतं. पण दिग्दर्शकानं कट म्हटलं नाही, आणि मी गाणं सुरू करायचं विसरलो. चाचांचा चेहरा पांढराफटक पडला होता. मग त्यांचे पाय हलले... भात्यात हवा भरली... आणि बोटं पट्ट्यांवर गेली.

सूर लागला. बस, तेवढाच एक सूर. समोर आबा हात जोडून उभे होते.

कट झाल्यावर मी मेघनाकडे धावलो. "हे तुला कुणी सांगितलं?"

"काय?"

"काळी तीन."

"म्हणजे काय असतं?"

तिला रेकॉर्डिंग ऐकवलं. आवाज तिचाच, स्वच्छ. तिनं ते पुन्हा एकदा लावायला सांगितलं. "दादा, शपथ... मी बोललेच नाही. मी तर गाण्याची वाट बघत उभी होते."

चाचा कनातीमागे बसले होते. हातातला चहा तसाच.

"त्या दिवशी बाईंचा गळा बसला व्हता," ते म्हणाले. "त्यांची पट्टी काळी चार. मला हळूच म्हनल्या, आज काळी तीन दे रे. म्हंजी जरा खालचा सूर. म्या ऐकलं न्हाई. वाटलं, लोक म्हनतील बाई उतरल्या. काळी चारच धरली. वर जाताना आवाज फाटला आन् लोक हसले... बाई मला एका शब्दानं बोलल्या न्हाईत. पुन्हा कवा गायल्या बी न्हाईत. ह्ये म्या घरात बायकोला सुदिक सांगितलेलं न्हाई."

मी खूप डोकं चालवलं. तेव्हा शेजारी कुणीतरी ऐकलं असेल, ते फिरत फिरत मेघनाच्या कानावर आलं असेल... पण त्या कंपनीतलं आता चाचांशिवाय कुणी उरलेलं नाही. आणि मेघना चाचांना त्याच सकाळी पहिल्यांदा भेटली होती. सिनेमात तो शॉट तसाच ठेवलाय. आवाज कुठून आला ते मला सापडलं, तिच्याच गळ्यातून. शब्द कुठून आले, ते आजही माहीत नाही.

दौंडला गेलो तेव्हा चाचांना विचारलं, "तुम्हाला काय वाटतं, काय होतं ते?"

"मला काय वाटायचंय?" ते म्हणाले. "बाईंनी सूर मागितला. या येळंला म्या दिला."

ऑर्गनवरची चादर त्यांनी घडी करून बाजूला ठेवली होती.