बेटं बदलणारं कॉलेज

माझ्या मुलीच्या मेडिकल कॉलेजच्या वेबसाइटवर 'आमचा इतिहास' नावाचं एक पान आहे. निळा समुद्र, नारळाची झाडं, पांढऱ्या कोटातली हसरी मुलं. आणि एका द्रष्ट्या माणसाने जगाला चांगले डॉक्टर मिळावेत म्हणून कॅरिबियन समुद्रातल्या एका बेटावर लावलेल्या रोपट्याची गोष्ट. ते पान मी अजूनही अधूनमधून उघडते. रक्तदाब वाढवायला मला मीठ लागत नाही, ते पान पुरतं.

खरा इतिहास मला मुलीकडून तुकड्यातुकड्याने कळला. आधी तिने तो फोनवर हसत हसत सांगितला, नंतर तिचं हसणं बंद झालं. कॉलेज सुरू झालं ते पहिल्या बेटावर, एका बंद पडलेल्या हॉटेलात. जेवणाच्या हॉलमध्ये वर्ग आणि स्वयंपाकघराशेजारी प्रयोगशाळा. तिथल्या सरकारने मान्यता काढून घेतली तेव्हा द्रष्ट्या माणसाने बाडबिस्तरा गुंडाळून शेजारचं बेट गाठलं आणि कॉलेजच्या नावात 'इंटरनॅशनल' हा शब्द घातला. माझी मुलगी गेली ती या दुसऱ्या बेटावर. तिथे जरा स्थिरावते न स्थिरावते तोच वादळात छप्पर उडालं. मग काही महिने अ‍ॅनाटॉमी ती सौदीतल्या खोबर शहरातल्या आमच्या फ्लॅटमध्ये, जेवणाच्या टेबलावर लॅपटॉप ठेवून शिकली. मी शेजारी भाजी चिरत असायची. पुढे कॉलेज तिसऱ्या बेटावर गेलं, एका सुपरमार्केटच्या वरच्या मजल्यावर. खाली चिकन तळायचे आणि वर ही मुलं मायक्रोस्कोपला डोळा लावून बसायची. त्या स्थलांतराला वेबसाइटवर 'विस्तार' म्हटलेलं आहे.

इतकी शिकलेली माणसं अशा ठिकाणी मुलं पाठवतातच कशी, असं भारतातले नातेवाईक विचारतात. विचारणं सोपं आहे. इथे सौदीत आमच्यासारख्यांची मुलं बारावी झाली की पुढे काय, हा प्रश्न प्रत्येक घरात डायनिंग टेबलवर जेवायला बसलेला असतो. भारतात जायचं तर 'नीट' परीक्षेचे मार्क हवेत, आणि माझ्या मुलीचे थोडक्यात हुकले होते. नेमका त्याच सुमारास कॉर्निशवरच्या, म्हणजे समुद्रकाठच्या रस्त्यावरच्या, एका हॉटेलात सेमिनार झाला. टाय लावलेला एजंट गोड हिंदीत बोलत होता. शेवटी त्याने मुलांना स्टेजवर बोलावलं, प्रत्येकाच्या अंगात पांढरा कोट चढवला आणि आईवडिलांना म्हणाला, "आइए, अपने डॉक्टर के साथ फोटो खिंचवाइए." प्रवेश नाही, परीक्षा नाही, आणि कोट आधी. हॉलमधल्या अर्ध्या आया डोळे पुसत होत्या. मी पुसले नाहीत. मला तो माणूस पहिल्यापासून आवडला नव्हता.

पण आम्ही एजंटवर विश्वास ठेवलाच नाही, हीच तर खरी गंमत. आखातात राहणारी आमची माणसं कुठल्याही एजंटवर विश्वास ठेवत नाहीत. आम्ही आपल्या माणसांना विचारतो. दाताचा डॉक्टर कुठला, सामान पाठवायला कुठली कार्गो बरी, चकलीची भाजणी कुठल्या बकाल्यात, म्हणजे वाण्याकडे, मिळते, सगळं आपल्या माणसांना विचारून. परक्या मुलखात ही सवय लागते आणि नव्वद टक्के वेळा ती उपयोगीच पडते. तर आम्ही दम्मामच्या वहिनींना विचारायला गेलो. आमच्या मराठी ग्रुपमधल्या त्या ज्येष्ठ, सगळ्यांना धरून असणाऱ्या. त्यांचा मुलगा आधीच्या वर्षी त्याच कॉलेजात गेला होता.

वहिनींनी श्रीखंड केलं होतं. "अगदी छान आहे हो," त्या म्हणाल्या. "आमचा तर रमलाय तिथे. मेहनत करावी लागते, पण मेडिकलला ती कुठे चुकलीय?" त्या दिवशी त्यांचा मुलगा आतल्या खोलीत होता. सुट्टीवर आलाय, झोपलाय, जेट लॅग आहे, असं सांगितलं. तो सुट्टीवर आलेला नव्हता. पहिल्याच परीक्षेत नापास होऊन परत आला होता, आणि परत जायचं नाही म्हणून दार लावून बसला होता. हे मला पुष्कळ नंतर कळलं, माझी मुलगी त्याच्याच वर्गातल्या रिकाम्या बाकावर बसून आल्यावर. पुढच्यास ठेच, मागचा शहाणा म्हणतात. इथे पुढच्याने ठेचाळलेला पाय मोज्यात लपवला आणि मागच्याला वाढलं श्रीखंड.

माझी मुलगी नापास झाली नाही, हे मला ठासून सांगायचंय. दोन बेटं, एक वादळ, सतत बदलणारे मास्तर, तरी ती पास होत गेली. शेवटची दोन वर्षं अमेरिकेतल्या मोठ्या इस्पितळांत काढायची, असं ठरलं होतं. ती इस्पितळं कॉलेजशी करार मोडून मोकळी झाली. मग मुलांना वेगवेगळ्या देशांतल्या छोट्या छोट्या दवाखान्यांत पांगवलं. दरम्यान भारतात नियम आला की पूर्ण शिक्षण एकाच देशात झालेलं हवं, नाहीतर तिथल्या परीक्षेलाही बसता येणार नाही. इथे सौदीत लायसन्सला अनुभव लागतो आणि अनुभवाला लायसन्स. अमेरिकेत तिने अर्ज केले, त्यांना उत्तरंही नीट आली नाहीत. डिग्री भिंतीवर लावायला चांगली जाड कागदाची आहे. ती घेऊन माझी मुलगी आमच्याकडे परत आली, बापाच्या इकाम्यावर, म्हणजे त्याच्या राहण्याच्या परवान्यावर, अवलंबित म्हणून.

आणि ती आली त्या दिवसापासून आमच्या इमारतीत सगळे तिला डॉक्टर म्हणू लागले.

खालचे हैदराबादी काका "डॉक्टर साहिबा" म्हणून सलाम करायचे. ग्रुपमधल्या बायका स्वतःचे रिपोर्ट व्हॉट्सअ‍ॅपवर पाठवायच्या. हळदीकुंकवाला गेलं की कुणीतरी हात पुढे करून म्हणायचं, नाडी बघ गं जरा. ती प्रत्येकीला म्हणायची, "काकू, तुम्ही डॉक्टरला दाखवा ना," आणि सगळ्या हसायच्या, काय विनयशील मुलगी. माझ्या नवऱ्याने घरात एक वाक्य ठरवून टाकलं होतं: ती पुढच्या परीक्षेची तयारी करतेय. कुठल्या परीक्षेची, ते कुणी विचारायचं नाही आणि आम्ही सांगायचं नाही. "झाकली मूठ सव्वा लाखाची," तो म्हणायचा. "मुलीचं लग्न व्हायचंय." मी म्हणायची, मूठ झाकून झाकून तिचा जीव गुदमरतोय. त्यावर तो टीव्हीचा आवाज वाढवायचा. तोंड दाबून बुक्क्यांचा मार म्हणजे काय, ते मी माझ्या पोरीच्या चेहऱ्यावर रोज बघत होते.

ती अकरावी-बारावीच्या मुलामुलींना बायोलॉजी शिकवू लागली, आमच्याच दिवाणखान्यात. फार छान शिकवायची. स्वयंपाकघरातून ऐकता ऐकता हृदयाचे चार कप्पे मलासुद्धा पाठ झाले. त्या मुलांमध्ये जवळच्या कतीफ गावची एक मुलगी होती. तिचे वडील मूळचे रत्नागिरीकडचे, कतीफला मासेमारीची जाळी आणि बोटीच्या इंजिनांचे सुटे भाग विकतात. दर शुक्रवारी दुपारी नमाजनंतर मुलीला घेऊन यायचे, क्लास संपेपर्यंत आमच्याकडे बसायचे, आणि जाताना माझ्या मुलीकडून रक्तदाब मोजून घ्यायचे. कुणावर उगाच उपकार नको, म्हणून बर्फात घातलेला हमूर मासा घेऊन यायचे. भला माणूस. आम्ही त्यांना भाई म्हणायचो.

एका शुक्रवारी त्यांची बायको, भाभीही, बरोबर आल्या. मुलगी आत शिकायला बसली आणि भाई म्हणाले, "वहिनी, एक विचारायचा होता. पोरीला डॉक्टर करायची हाय. आमी त्या सेमिनारला गेलो होतो. एजंट बोलला, खोबरच्या वहिनींना विचारा, त्यांची पोर तिथनंच डॉक्टर झाली."

माझ्या कानशिलात आग पेटली. म्हणजे तो टायवाला अजून तिथेच होता, आणि आता आमच्या मुलीच्या नावावर दुकान चालवत होता.

"आमी त्याला ओळखत नाय," भाई पुढे म्हणाले, "तुमाला ओळखतो. तुमी हो बोललात तर यल्ला, पुढच्या महिन्यात पाठवतो."

मी नवऱ्याकडे पाहिलं. त्याने चहाचा कप खाली ठेवला आणि म्हणाला, "कॉलेज तसं चांगलं आहे. मेहनत मात्र करावी लागते."

श्रीखंडासकट ते सगळं मला परत आठवलं. शब्दसुद्धा तेच. मी स्वभावाने तापट आहे, हे माहेरी, सासरी आणि खोबरच्या निम्म्या मराठी घरांत माहीत आहे, पण इतकी वर्षं या एका बाबतीत मी तोंड शिवून बसले होते. ते मी उघडलं. हॉटेल सांगितलं, सुपरमार्केट सांगितलं, उडालेलं छप्पर, मोडलेले करार, भारतातला नियम, सगळं सांगितलं. नवरा दोनदा "अगं, पुरे" म्हणाला. मी म्हटलं, पुरे तुझं, माझं अजून सुरूच झालं नाहीये. भाभी पदराशी चाळा करत बसल्या होत्या. भाई शांतपणे ऐकत होते, आणि ऐकता ऐकता त्यांचा चेहरा माझ्यापासून लांब जात होता.

"मग तुमची पोर डॉक्टर कशी झाली?" त्यांनी विचारलं.

"नाही झाली, तेच तर सांगतेय."

"माझा प्रेशर बघते ती. सगले तिला डॉक्टर बोलतात. भाऊ आता चांगला बोलले." ते थांबले. "राग नका मानू, वहिनी. पण आपली पोर वर पोचली की लोक शिडी काढून घेतात. आमी धंद्यात लय बघितलंय."

मला वाटलं होतं, खरं बोलणं कठीण असतं. खरं बोलल्यावर समोरचा आपल्याला मत्सरी समजेल, हे माझ्या डोक्यातही आलं नव्हतं. आमची खोटी इभ्रत इतकी पक्की बांधली गेली होती की तिच्यावर माझा शब्द आपटून फुटला. मी काहीतरी तोडून बोलणार, तेवढ्यात आतलं दार उघडलं. माझी मुलगी उभी होती. तिच्या मागे कतीफची मुलगी, हातात पेन्सिल तशीच.

"अंकल," ती म्हणाली. आमच्या घरात ती बहुतेक इंग्रजीतच उत्तरं देते. त्या दिवशी ती एकेक शब्द शोधत मराठीत बोलली. "आई खोटं नाही बोलत. मी डॉक्टर नाही. डिग्री आहे, पण तिच्यावर मला कुठेच काम करता येत नाही. भारतात नाही, इथे नाही. तुमचं बीपी मशीन बघतं, मी फक्त बटण दाबते. मी कुणालाही औषध देऊ शकत नाही. आय अ‍ॅम नॉट अलाउड. हिला तिथे पाठवू नका, प्लीज."

नवरा जमिनीकडे बघत होता. मुलगी रडत नव्हती, पण दाराच्या चौकटीला तिने असं धरलं होतं की बोटं पांढरी पडली होती. तिचे सहा वर्षांचे कष्ट तिने आमच्या दिवाणखान्यात, चहाच्या कपांसमोर, स्वतःच्या हाताने पुसून टाकले. तेही अशा माणसासाठी, ज्याने तिच्या आईवर विश्वास ठेवला नाही.

मग भाईंनी तिला नाही, माझ्या नवऱ्याला विचारलं, "मग भाऊ, ही बायोलॉजी शिकवते, ती तरी बरोबर शिकवते ना?"

त्या प्रश्नासाठी मी त्यांना आजही माफ केलेलं नाही. भले असले तरी.

कतीफची मुलगी बेटावर गेली नाही. तिला त्यांनी पुण्याला फिजिओथेरपीला घातलं असं ऐकलं, आणि ते ऐकून मला बरं वाटलं. पण पुढच्या शुक्रवारी ती क्लासलाही आली नाही. हळूहळू बाकीची मुलंही कमी झाली. कुणी म्हणालं परीक्षा जवळ आल्यात, कुणी म्हणालं ऑनलाइन क्लास लावलाय. हैदराबादी काका आता लिफ्टमध्ये नुसतं "कैसी हो बेटा" म्हणतात. रिपोर्ट यायचे बंद झाले. नवरा बरेच दिवस माझ्याशी कामापुरतं बोलत होता, आणि मुलीशी तेवढंही नाही. ती उरलेल्या दोन मुलींना पूर्वीसारखीच मन लावून शिकवते. एवढ्या खरेपणाचं कुणी कौतुक केलं म्हणाल तर एकानेही नाही.

मग एका संध्याकाळी दम्मामच्या वहिनींचा फोन आला. इतक्या वर्षांत त्यांचा असा आवाज मी कधी ऐकला नव्हता. गावभर चर्चा चाललीय, म्हणाल्या. आमच्या मुलाबद्दलही लोक विचारायला लागलेत, आता त्याला कोण मुलगी देणार? आम्हालाही रियाधच्या लोकांनी कॉलेज चांगलं आहे असंच सांगितलं होतं, आम्ही केला का असा तमाशा? मी ऐकून घेत होते. आत दिवाणखान्यात माझी मुलगी कुणाला तरी मूत्रपिंड समजावून सांगत होती.

"तुमच्या मुलीला काय गरज होती बोलायची?" वहिनी म्हणाल्या.

"तुम्ही बोलला असतात," मी म्हटलं, "तर तिला बोलावं लागलं नसतं."

त्या आणखी काही म्हणायच्या आत मी फोन ठेवला.