पुसून दिलेला कॉम्प्युटर

ये गं, अशी जवळ ये बघू. आणि तो फोन तिरका धरू नकोस, दर रविवारी आम्हाला तुझं अर्धं कपाळ आणि तिकडच्या खोलीचं छत दिसतं. एकीकडे भांडी घासतेस, एकीकडे कुणाला तरी मेसेज करतेस, आणि वर म्हणतेस, बोल ना आजी, ऐकतेय मी. ऐकत नसतेस. मला कळतं, कारण मीही तुझ्या बाबाचं ऐकतेय म्हणत वरण ढवळत असायचे. म्हणून हे लिहून काढतेय. आणि खरं सांगायचं तर तोंडाने सांगायचं धाडस सहा-सात रविवार झाले, होत नाहीये.

तुमच्या गावाबद्दल सांगायचंय. तू आणि आजोबांनी कॉम्प्युटरमध्ये वसवलेल्या त्या गावाबद्दल. ते गाव आता नाही. माझ्या हातून गेलं. आधीच सांगून टाकते, म्हणजे पुढचं तू नीट वाचशील.

लॉकडाऊनमध्ये तू अकरावीला होतीस, आईबाबा नाशिकला अडकलेले आणि तू इथे दादरला आम्हा दोघांच्या गळ्यात. तुला करमेना, आम्हाला तुझं तोंड बघवेना. मग तूच तो गेम आणलास. समुद्राकाठची एक जमिनीची पट्टी, तिच्यावर झाडं लावायची, विहीर खणायची, बदकं पाळायची. आजोबांचा सगळा जन्म नकाशे काढण्यात गेला, त्यांना म्हटलं कॉम्प्युटरवर शेत करा, तर आधी चौकोनी वहीत पेन्सिलने आखून बसले. तुझं तर काही आखणं नाही. तू सरळ दगड टाकत सुटलीस, घरापासून समुद्रापर्यंत वाकडी पायवाट. ते म्हणाले ही अशी कशी, दोन वळणं उगाच आहेत. तू म्हणालीस, मला तसंच चालायचंय. मग भांडण नको म्हणून मध्ये कुंपण घातलंत, अर्धं तुझं, अर्धं त्यांचं. मी स्वयंपाकघरातून ऐकायचे, आणि घरात एवढी जमीन कुठून आली म्हणून हसायचे.

बंदी उठल्यावर तुम्ही दोघं वरळी कोळीवाड्यात गेला होतात, आठवतं? होड्या काठावर कशा ओढून ठेवतात ते बघायला. आजोबा इतके निरखून बघत होते की तिथली एक कोळीण म्हणाली, काय काका, होडी घ्यायची काय? तर हे म्हणतात, नको, आहेत आमच्याकडे तीन. घरी येऊन तू हसत सांगितलंस आणि त्यांनी गेममधल्या त्या तीन होड्या फिरवून नीट लावल्या.

मग तू जर्मनीला गेलीस. मला वाटलं, आता हे खूळ सुटेल. सुटलं नाही. रोज सकाळी शिवाजी पार्कची फेरी झाली, पेपर झाला, की दहाच्या चहाबरोबर कॉम्प्युटर. पाणी आधी तुझ्या बाजूला, मग त्यांच्या. एकदा मी म्हटलं, तिचं ती बघेल की आल्यावर, तर म्हणाले, तोवर वाळेल ना. बास. त्यापुढे मी विचारलं नाही.

या वर्षी ते जिन्यात पडले ते तुला माहीत आहे. खुब्याचं हाड. ऑपरेशन, मग पलंग हॉलमध्ये खिडकीशी. खुर्चीत पंधरा मिनिटांवर बसायचं नाही. कॉम्प्युटर टेबलावर, आणि माणूस पलंगावर. आठ दिवस ते काही बोलले नाहीत. नवव्या दिवशी म्हणाले, तिकडे सगळं वाळलं असेल. मी आधी बाल्कनीतल्या कुंड्यांकडे बघितलं. मग कळलं.

तुझा जुना लॅपटॉप कपाटात होता. गेम त्यात नेता आला तर पलंगावर मांडीवर घेऊन खेळता येईल, एवढं माझ्याही डोक्यात आलं. तुला विचारलं. तू म्हणालीस, रविवारी करून देते आजी, फोनवर दाखवते. त्या रविवारी तुझी परीक्षा होती, पुढच्या रविवारी तू कुठेतरी गावाला गेली होतीस. मी रागावत नाहीये. तुझं तुला असतंच. पण ते पलंगावरून टेबलाकडे बघायचे, ते मला बघवत नव्हतं.

म्हणून मी शिकले. माझी शाळा सातवीची, पण वाचनालयातली पुस्तकं वाचून मी इथवर आलेय, तर हे का नाही येणार? तीन दिवस व्हिडिओ बघितले, हिंदीतले, इंग्रजीतले, थांबवून थांबवून. वहीत उतरवलं. बाहेरची हार्ड डिस्क लावायची, ज्यातून गेम सुरू होतो ती खिडकी उघडायची, त्यात गेम एका ड्राइव्हवरून दुसऱ्यावर हलवायची सोय असते, ती दाबायची. मग डिस्क काढून लॅपटॉपला लावायची, आणि त्याला सांगायचं की गेम इथे आहे, पुन्हा उतरवत बसू नकोस. हिरवी पट्टी मुंगीसारखी सरकत होती. मी समोर बसून मेथी निवडली, शेवटी ती पट्टी भरली. लॅपटॉपवर गेम उघडला तर तोच समुद्र, तेच संगीत. ऑपरेशननंतर पहिल्यांदा मला इतकं हलकं वाटलं.

आणि तिथेच मी चुकले. समुद्र दिसला, आत गेलेच नाही. का? कारण ते त्यांचं होतं. तुमच्या दोघांचं. कुणाचं पत्र आपण फोडत नाही, तसंच. आजवर कधी त्या गावात मी पाऊल टाकलं नव्हतं, मग आता ते पलंगावर पडून असताना कशाला, असं मला वाटलं.

दुसरी चूक तर माझ्या सासूबाईंच्या शिस्तीची. गिरगावची खोली सोडून आम्ही दादरला आलो, तेव्हा टेम्पो खाली उभा, सामान सगळं चढलेलं, आणि त्यांनी मला पुन्हा वर पाठवलं. मोरी घासून घेतली, लादी पुसून घेतली, भिंतीतले खिळे उपटून त्या भोकांत ओला साबण भरायला लावला. सोडलेल्या जागेत आपला केसही राहता कामा नये म्हणाल्या, पुढच्याला आपलं काढत बसायला लागू नये. ते माझ्या अंगातच भिनलंय. जुना कॉम्प्युटर मी गल्लीतल्या वाचनालयाला द्यायचं ठरवलं होतं, त्यांना पुस्तकांच्या नोंदींसाठी हवाच होता. गेम तर हलवून झाला. मग देताना घाण का द्यायची? त्याचाही व्हिडिओ बघितला. सगळं काढून टाका, असं एक बटण असतं. कॉम्प्युटरने दोनदा विचारलं, नक्की ना? मी दोन्ही वेळा हो म्हटलं. मग बाहेरून ओल्या फडक्याने पुसला, कीबोर्डच्या फटीतले चिवड्याचे कण ब्रशने काढले, आणि वाचनालयाचे दोघं येऊन घेऊन गेले.

दुसऱ्या दिवशी दहाच्या चहाबरोबर आजोबांच्या पाठीला तीन उशा लावल्या आणि लॅपटॉप मांडीवर ठेवला. एका शब्दाने विचारलं नाही त्यांनी, पण चष्मा दोनदा पुसला. समुद्र आला. ते हसले. मग बराच वेळ नुसते बघत राहिले. मी विचारलं, काय झालं, चालत नाही का? ते म्हणाले, चालतंय, पण हे नवीन आहे. पुढे खेळायचं बटण करडं झालं होतं, फक्त नवीन गेमचं तेवढं उजळ. दाबलं तर मोकळी जमीन. ना कुंपण, ना विहीर, ना काही.

"जुना कॉम्प्युटर कुठाय?"

"दिला वाचनालयाला. काल."

"पुसून दिलास?"

"पुसून."

त्यांनी चष्मा काढून उशीशी ठेवला. मग म्हणाले, "चांगलं केलंस. पुसूनच द्यावा." आणि लॅपटॉप मिटला.

बोलले असते तर बरं झालं असतं गं. पन्नास वर्षांत मीठ जास्त झालं म्हणून बोललेत, आणि यावर काही नाही.

मी वाचनालयात धावले. तोवर तिथल्या बाईंनी त्यात त्यांचा सगळा प्रोग्राम घालून नोंदी सुरूही केल्या होत्या, किती छान चालतोय म्हणून मलाच पेढा दिला. तो पेढा हातात धरून मी उभी. कॉम्प्युटर दुरुस्त करणारा माणूस बोलावला. तो बिचारा चांगला होता, तासभर बसला. म्हणाला, काकी, गेम वेगळा आणि खेळलेलं वेगळं. गेम तुम्ही बरोबर हलवला, एकदम परफेक्ट. पण खेळलेलं तिकडे दुसऱ्याच फोल्डरमध्ये होतं, लपलेल्या, काकांच्या नावाच्या. काही गेम म्हणे इंटरनेटवर कुठेतरी आपोआप जपून ठेवतात, हा जुना, ह्याला ते येत नाही. आणि आता पुसलेल्यावर नवीन लिहून झालंय. मी हलवलेला गेम त्याने मला पुन्हा उघडून दाखवला आणि म्हणाला, सगळं बाकी बरोबर केलंत हां. मला वाटलं, हा गप्प बसला तर बरं.

मग मी एक ठरवलं. आपणच करायचं परत. दुपारी आजोबा झोपले की लॅपटॉप घेऊन आतल्या खोलीत बसायचे. मोकळ्या जमिनीवर कुंपण घालायला गेले आणि अडले. कुंपण घरापासून किती लांब होतं? विहीर कुणाच्या बाजूला? होड्या तीन होत्या हे ठाऊक, पण तोंडं कुठे? रोज चहाचा कप घेऊन मी त्यांच्या मागे उभी राहायचे, कितीतरी वर्षं, आणि मला आठवतेय ती त्यांची पाठ, बनियनवर पडलेला ट्यूबचा उजेड. पडद्याकडे मी बघितलंच नव्हतं. एक विहीर खणली, पुसली, दुसरीकडे खणली. चार दुपारी केलं आणि सोडून दिलं. ती चौकोनी वही शोधली, पण तिच्यात सुरुवातीची दोन पानं फक्त, पुढे तुम्ही दोघांनी मनानेच केलेलं.

आता खरं सांगायचंय ते हे. त्या रविवारी तुझा फोन आला आणि तू विचारलंस, आजोबा, माझी बदकं कशी आहेत? माझ्या हातातलं उलथनं तसंच राहिलं. आणि हे म्हणाले, मजेत आहेत, आज सकाळीच पाणी घातलं, लॅपटॉप मस्त चालतोय. तू खूश. फोन ठेवल्यावर त्यांनी माझ्याकडे बघितलंही नाही, टीव्ही लावला.

पुढच्या रविवारी म्हणाले, तिकडे पाऊस फार होतोय. त्याच्या पुढच्या रविवारी, तुझ्या पायवाटेचे समुद्राकडचे दगड वाहून गेले गं. तू म्हणालीस, जाऊ दे आजोबा, आले की लावू. मग एक होडी बुडाली, मग उरलेल्या दोन, मग कुंपण गेलं. बदकं शेजारच्या गावात नेऊन ठेवली, पाणी चढलं म्हणून. तू हसून म्हणालीस, या गेममध्ये वादळं कधी यायला लागली, मी तर कधी बघितलं नाही. तर म्हणतात, नवीन अपडेट आलंय. तू हसलीस, मीही आत हसले, आणि मग मला पदर तोंडाला लावावा लागला.

त्या संध्याकाळी मी त्यांच्याजवळ बसले. पायाला तेल लावत होते. म्हटलं, कशाला हो हे दर आठवड्याला? एकदाच सांगून मोकळे व्हा ना.

ते म्हणाले, "एकदम गेलं म्हटलं तर विचारेल कसं गेलं. मग तू सांगशील. वादळाने गेलं तर कुणाचं नाव येत नाही."

मी तेल लावत राहिले. दुसरं काय करणार?

आणि परवाच्या रविवारी तू विचारलंस, आजोबा, माझ्या बाजूचं ते मोठं झाड आहे ना? कसलं झाड ते आपल्या कुणालाच कळलं नव्हतं, तू आपली त्याला फणस म्हणायचीस. ते थांबले. मी दारातून बघत होते. झाडही पडलं, हे त्यांना नाही बोलता आलं. म्हणाले, आहे. झाड आहे. ते कुठे जातंय.

तेव्हापासून जेवण कमी झालंय त्यांचं. कारण आता उरलंय ते झाडच. पुढच्या रविवारी तू पुन्हा विचारशील, आणि त्यांना ते पाडायला लागेल, नाहीतर जन्मभर त्याला नुसतं पाणी घालत बसायला लागेल. माझ्यासाठी. ते मी होऊ देणार नाही, म्हणून हे कागद, फोटो काढून तुझ्या फोनवर पाठवतेय. वादळ वगैरे काही नव्हतं बाळा, मी होते. रागावायचं तर माझ्यावर रागाव, फोनवर नको, इथे येऊन, समोर बसून.

मी तुला कळवलंय हे त्यांना सांगू नकोस, निदान एवढ्यात नको. रविवारी फोन कर, पण झाडाचं विचारू नकोस. हवा विचार, त्यांचा पाय विचार. आता वॉकर घेऊन दारापर्यंत जातात आणि येतात, तेवढं त्यांना अभिमानाने सांगू दे. मोकळी जमीन लॅपटॉपमध्ये तशीच आहे, मी माझ्या विहिरी काढून टाकल्या. ते एकट्याने तिच्यावर काही लावणार नाहीत, मी ओळखते त्यांना. सुट्टी डिसेंबरात मिळेल म्हणाली होतीस. त्याच्या आधी मिळते का बघ. पंधरा दिवस नको, आठच दे, पण लवकर ये.